केरातून उचललेली नावं

सातवीच्या स्कॉलरशिपचा फॉर्म वर्गातच भरून घेत होते. एकेकानं उभं राहून वडिलांचं संपूर्ण नाव सांगायचं आणि सर लिहून घेणार. माझी पाळी आली. वडिलांच्या नावापुढे मी आजोबांचं नाव उच्चारलं, ‘केरबा’, आणि मागच्या बाकावरून आवाज आला, ‘केर काढ बा!’ सगळा वर्ग हसला. सरही हसले. पुढचे कितीतरी दिवस मधल्या सुट्टीत माझ्या हातात कोणी ना कोणी केरसुणी आणून द्यायचं.

त्या दिवशी घरी आल्या आल्या मी आजीला विचारलं, “आबांचं नाव बदलता येत नाही का गं?” ती भाकरी थापत होती. परातीतला हात न थांबवता म्हणाली, “बदलून काय करशील? त्या नावानंच जगलाय त्यो.”

आबांचा जन्म १९२१ च्या सुमाराचा, माण तालुक्यातला. पणजीला त्यांच्या आधी तीन मुलं झाली होती. पहिलं देवी येऊन गेलं, दुसरं मानमोडीच्या साथीत, आणि तिसरं जेमतेम आठ दिवसांचं असताना, अंग ताठ होऊन. चौथ्या वेळी दिवस भरले तसं तिच्या सासूनं शेजारणीला आधीच सांगून ठेवलं. बाळ जन्मलं, सुईणीनं नाळ कापली, बाळाला जुनेरात गुंडाळून सुपात घातलं आणि ते सूप परसातल्या उकिरड्याच्या कडेला नेऊन ठेवलं. शेजारीण आली. तिनं गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, “अगं बया, केरात कुणाचं प्वार पडलंय?” आणि आतून, बाजेवरून, पणजीनं उत्तर दिलं, “आमचं न्हाई. असंल कुणाचं.”

मग शेजारणीनं ते पोर उचललं, घरात आणलं, आणि पणजीनं मूठभर जोंधळे तिच्या पदरात टाकून ते विकत घेतलं. केरात सापडलं म्हणून केरबा.

ते सूप मी पाहिलंय. आमच्या माळवदाच्या घरात, चुलीवरच्या फडताळात, ते बरीच वर्षं होतं. धुरानं काळं पडलेलं, कामट्या एका बाजूला उसवलेल्या, आणि त्या उसवलेल्या जागी कुणीतरी फार पूर्वी दाभणानं घातलेले सुतळीचे टाके. धान्य पाखडायला त्याचा उपयोग उरला नव्हता. पण आजीनं ते कधी चुलीत घातलं नाही.

मला त्या गोष्टीतलं एकच वाक्य आयुष्यभर पुरलंय. “आमचं न्हाई.” तीन लेकरं पुरलेली बाई, नुकती बाळंत झालेली, चौथ्याचं रडणं भिंतीपलीकडून ऐकतीय, आणि ते आपलं नाही असं तिला मोठ्यानं सांगायचंय. आणि तेही खरं वाटेल असं. कारण ऐकणारा शेजारचा नव्हता.

आपल्याकडे अशी नावं गावोगाव होती. दगडू, धोंडू, केरू, कचरू, पुंजा, भिकू, फकिरा. मुलाचं नाक टोचून त्यात नथ अडकवली की नथू. अधिक महिन्यात, म्हणजे धोंड्याच्या महिन्यात, जन्मला म्हणूनही कुणी धोंडू व्हायचा, तेव्हा प्रत्येक धोंडूमागे मेलेलं भावंड शोधायचं कारण नाही. पण बऱ्याच नावांमागे ते असायचंच. मुलींनाही ती मिळायची. हैदराबाद मुक्तिसंग्रामात रझाकारांशी लढलेल्या दगडाबाई शेळके मराठवाड्यात आजही आदरानं आठवल्या जातात. आणि पुण्यातल्या ज्या गणपतीसमोर आपण रांग लावतो, त्या दगडूशेठ हलवाईंचा मुलगा प्लेगनं गेला आणि त्या दुःखातून बाहेर पडण्यासाठी गणपतीची आणि दत्ताची मूर्ती घडवून घेतली गेली, असं मंदिराचा इतिहास सांगतो. ज्याचं स्वतःचं नाव दगडू, त्याच्याच घरात मरण असं शिरलं.

महाराष्ट्राची हद्द ओलांडली तरी उकिरडा संपत नाही. तेलुगूत पेंट म्हणजे शेणाकेराचा ढीग, त्यावरून पेंटय्या आणि पेंटम्मा. तमिळमध्ये कुप्पै म्हणजे कचरा, त्यावरून कुप्पुस्वामी, कुप्पम्माळ. पिच्चै म्हणजे भिक्षा, म्हणजे आपला भिकाजीच. गूगलच्या प्रमुखांच्या, सुंदर पिचाईंच्या, नावातला शब्दही हाच. उत्तरेत घसीटा आहे, सुपात घालून अंगणात ओढत नेलेला. मी पहिल्यांदा घसीटाचा अर्थ ऐकला तेव्हा मला आमच्या फडताळातलं सूपच दिसलं.

बंगालात मुलाला विकायचे. तीन कवड्यांना विकलेला तिनकडी, पाच कवड्यांना पाचकडी. मेदिनीपूर जिल्ह्यात १८८९ साली एका आईला मुलगा झाला. आधीचे दोन मुलगे गेले होते. तिनं हे बाळ आपल्याच थोरल्या मुलीला, अपरूपाला, तीन मुठी कणीच्या बदल्यात विकून टाकलं. तांदळाच्या कणीला बंगालीत खुद म्हणतात. म्हणून तो खुदिराम. पुढे आई लवकर गेली आणि ज्या बहिणीनं कणी मोजून त्याला घेतलं होतं तिनंच त्याला खरोखर वाढवलं. कणीचा व्यवहार लुटुपुटीचा होता, पण बहिणीनं तो खरा करून दाखवला.

हाच खुदिराम बोस. ३० एप्रिल १९०८ ला मुझफ्फरपूरला न्यायाधीश किंग्जफर्डसाठी नेलेला बॉम्ब दुसऱ्याच गाडीवर पडला आणि केनेडी मायलेकी त्यात मेल्या. त्या बॉम्बवर ‘केसरी’त लिहिलेल्या अग्रलेखांसाठी टिळकांवर राजद्रोहाचा खटला झाला, २२ जुलैला त्यांना सहा वर्षांची शिक्षा झाली आणि ते मंडालेला गेले. ११ ऑगस्टला खुदिराम फासावर गेला. वय वर्षं अठरा. शाळेत आम्ही टिळकांचा धडा शिकलो, मंडाले पाठ केलं, पण खुदिराम म्हणजे कणी हे मला कुणी सांगितलं नाही. ते कळल्यावर मी त्या बहिणीचाच विचार करत बसले. तीन मुठी देऊन जो मरणापासून सोडवून घेतला, तो अठराव्या वर्षी असा गेला. त्या दिवशी तिनं घरात भात शिजवला असेल का?

खूप दिवस मला वाटायचं, हे गरिबांचं आणि खेड्यातलं असणार. मग हिदेयोशी वाचनात आला. सोळाव्या शतकाच्या अखेरीस सगळा जपान ज्याच्या मुठीत होता तो तोयोतोमी हिदेयोशी. शेतकऱ्याघरचा म्हणून ओळखला गेलेला, हत्यारं उचलून सत्तेच्या टोकाला पोचलेला. पन्नाशी उलटल्यावर, १५८९ साली, त्याला मुलगा झाला. त्यानं बाळाचं नाव ठेवलं ‘सुते’, म्हणजे टाकून दिलेला. मुलगा १५९१ मध्ये गेला. १५९३ साली दुसरा झाला. या वेळी नाव ‘हिरोई’, म्हणजे सापडलेला. त्यासाठी बाळाला रीतसर टाकून दिलं गेलं आणि विश्वासातल्या एका सरदारानं ते उचलून आणलं.

हिदेयोशी तेव्हा राजधानीपासून दूर, कोरियावरच्या मोहिमेच्या तळावर होता. तिथून त्यानं बायकोला पत्र लिहिलं. त्यात त्यानं बजावलं की मुलाच्या नावाआधी आदराचा ‘ओ’ सुद्धा लावायचा नाही, अगदी खालच्या नोकरांनीसुद्धा नुसतं हिरोई, हिरोई म्हणून हाक मारायची. हे वाचताना मला आमची आजी आठवली. आबा पंच झाले, गाव त्यांना केरबातात्या म्हणू लागलं, पण पणजी जिवंत होती तोवर ती त्यांना ‘केऱ्या’च म्हणायची. कुणी ‘अहो केरबाजी’ म्हटलं की तिचा चेहरा उतरायचा, असं आजी सांगायची. माणदेशातली माझी पणजी आणि ओसाकाच्या किल्ल्याचा मालक, दोघांना भीती एकच होती की पोराचं मोल चुकून कुणाला तरी ऐकू जाईल.

मंगोलियात मुलाचं नाव नेरगुई असतं, म्हणजे नाव नसलेला. एनेबिश, म्हणजे हा नव्हे. हुनबिश, हा माणूसच नव्हे. मूनोखोई, वाईट कुत्रं. एनेबिश हे नाव मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मोठ्यानं म्हणून पाहिलं. “आमचं न्हाई” याचं इतकं नेमकं भाषांतर मी दुसरीकडे कुठं पाहिलेलं नाही. चीनमध्ये गोउशंग, कुत्र्यानं खाऊन उरलेला. तिथं म्हणच आहे की हलक्या नावाचं पोर सुखानं वाढतं. पूर्व युरोपातले ज्यू आजारी लेकराला आल्टर म्हणू लागायचे, म्हणजे म्हातारा, की मृत्यूचा दूत तान्ह्या बाळाला न्यायला येईल आणि म्हातारा पाहून परत जाईल.

नायजेरियातले योरुबा मात्र लपवाछपवी करत नाहीत, ते सरळ बोलतात. एकच मूल पुन्हा पुन्हा जन्म घेतं आणि पुन्हा पुन्हा मरून आईला छळतं, अशी तिथली समजूत. त्या मुलाला ते अबिकू म्हणतात. त्याचं नाव मग मालोमो, आता पुन्हा जाऊ नकोस. दुरोजाये, थांब, जगण्याची मजा घे. कोकुमो, आता मरायचं नाही. बांजोको, माझ्याजवळ बस. आणि एक नाव कोसोको, म्हणजे कुदळ उरली नाही. किती खड्डे खणायचे, खणायला आता कुदळसुद्धा नाही. एकोणिसाव्या शतकात लागोसच्या गादीवर याच नावाचा राजा होता. शेजारचे इग्बो मुलाला ओन्वुबिको म्हणतात. मरणा, पाया पडते. घरात सगळे जण दिवसभर मुलाला हाक मारणार आणि प्रत्येक हाक मरणाची विनवणी. असं पुन्हा पुन्हा का व्हायचं, याचं एक कारण सिकलसेल, आईबापांकडून येणारा रक्ताचा आजार, असावं असं अभ्यासकांना वाटतं. तो आजार आपल्याकडे गडचिरोलीत, नंदुरबारमध्ये आजही कितीतरी घरांत आहे.

आपल्या बोलण्यातून ही चकवाचकवी कधीच गेली नाही. आपण निघताना ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. नटवलेल्या बाळाच्या गालावर काजळाची तीट लावून ते मुद्दाम थोडं बिघडवतो. आणि आई उशिरा घरी आलेल्या पोराला छातीशी धरून म्हणते, “मेल्या, होतास कुठं?” परक्या भाषेत हे कसं सांगायचं? जे होऊ नये म्हणून जीव टांगणीला लागला होता, तोच शब्द ती पोराच्या तोंडावर फेकते आणि मोकळी होते.

ही नावं गेली कशी, तर शिकलेल्या लोकांना लाज वाटली म्हणून थोडी, पण मुख्यतः त्यांची गरज संपली म्हणून. आबा जन्मले त्या काळात हिंदुस्थानात जन्मलेल्या हजार मुलांपैकी दोनशेहून अधिक वर्षाच्या आत जात. २०२० साली भारताचा हा आकडा २८ होता. पणजीचं पहिलं मूल ज्या देवीनं गेलं, तिचा भारतातला शेवटचा रुग्ण १९७५ सालचा. तिसरं, आठ दिवसांचं, ताठ होऊन गेलेलं, ते धनुर्वातानं गेलं असणार. विळ्यानं किंवा तशाच कशानं कापलेल्या नाळेतून तो शिरतो आणि पहिल्या आठवडा-दोन आठवड्यांतच मूल नेतो. आपण नाव बाराव्या दिवशी का ठेवतो याची शास्त्रातली कारणं काहीही असोत, मला वाटतं बायांना ते मोजून ठाऊक होतं. पाचवीला सटवाईपुढे कोरा कागद ठेवायचा, दिवा जपायचा, जागायचं, आणि बारा दिवस पार पडले की मगच नाव. योरुबांकडे आठवा दिवस आहे. भारतातून नवजात बाळांच्या धनुर्वाताचं निर्मूलन झाल्याचं २०१५ साली जाहीर झालं. गरोदर बाईच्या दंडात टोचलेल्या धनुर्वाताच्या सुया आणि स्वच्छ पात्यानं कापलेल्या नाळा यांनी केरबा हे नाव संपवलं. याचा मला आनंदच आहे.

इथवर सगळं मायेचं झालं, पण एवढ्यावर थांबले तर ते खोटं होईल. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात सांगितलंय की ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळाचं, वैश्याचं धनाचं आणि शूद्राचं जुगुप्सित. म्हणजे किळस येईल असं. कितीतरी घरांत कचरू हे नाव आईच्या धाकानं आलं नव्हतं. वरच्या आळीतल्यांना चांगलं नाव खपणार नाही म्हणून, विचारल्यावर जे सांगितलं गेलं ते, असं ते आलं होतं. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली मनुस्मृती जाळली, आणि १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर एका पिढीत वस्त्यावस्त्यांतली नावं बदलली. गौतम, राहुल, सिद्धार्थ, सुजाता, प्रज्ञा. शब्द तोच, कचरू. एका घरात तो आईनं जीव मुठीत धरून ठेवलेला, दुसऱ्या घरात वरून लादलेला. हजेरीपटात दोन्ही सारखेच दिसत असणार.

हा फरक मला पुस्तकातून कळला नाही. तो आत्यानं सांगितला.

आबांना आधी चार मुली झाल्या, मग माझे वडील. चौथ्या मुलीचं नाव नकुशा. तिच्या पाठीवर भाऊ आला, म्हणजे नाव ‘लागू पडलं’ असं घरातले समाधानानं म्हणायचे. मी लहानपणी दोन्ही नावं एकाच माळेत ओवली होती, केरबा आणि नकुशा, जुन्या लोकांची वेडीवाकडी नावं. कॉलेजात असताना मी मोठ्या उत्साहानं आत्याला सुपाची गोष्ट, बंगालातली कणी, सगळं सांगत होते आणि म्हणाले, “तुझं नाव पण तसंच, नाही का?” ती मेथी निवडत होती. काडी मोडून बाजूला टाकली आणि म्हणाली, “न्हाई बाय. आबाचं नाव यमाला ऐकवायला ठिवलं हुतं. माझं मलाच ऐकवायला.”

आबांवर माझा फार जीव होता. पण स्वतः उकिरड्यावर निजून आलेल्या, “आमचं न्हाई” या शब्दांच्या आडोशानं जगलेल्या माणसानं आपल्या लेकीला नकुशा म्हणू दिलं, हे मला आजही गिळता येत नाही.

लग्नात आत्याचं नाव बदललं. ताटात तांदूळ पसरून नवऱ्यानं अंगठीनं ‘शालन’ लिहिलं. लग्नात बाईचं नाव पुसायची ही रीत मला मुळीच पटत नाही, हे मी तिला एकदा बोलून दाखवलं होतं. त्यावर ती एवढंच म्हणाली, “तुला पुसायला काय तरी हुतं.” सतराव्या वर्षी तिला पहिल्यांदा असं नाव मिळालं ज्यानं हाक मारलेली तिला आवडायची.

२०११ च्या ऑक्टोबरात साताऱ्यात, आमच्याच जिल्ह्यात, २८५ नकुशांना समारंभ करून नवी नावं दिली गेली. वर्तमानपत्रात फोटो होते, मुली हातात प्रमाणपत्रं घेऊन उभ्या. मी कात्रण आत्याला नेऊन दाखवलं. तिनं चष्मा लावून एकेक चेहरा पाहिला, बराच वेळ. हरियाणात अशा मुली भतेरी म्हणजे ‘पुरे झाल्या’ असतात, चीनमध्ये झाओदी म्हणजे ‘भाऊ बोलाव’. हिसार जिल्ह्यातल्या एका घरी चौथी मुलगी झाली तेव्हा ही शेवटची ठरो म्हणून तिचं नाव अंतिम ठेवलं. अंतिम पंघाल २०२२ साली वीस वर्षांखालच्या कुस्तीत जगज्जेती झाली. भारताची त्या गटातली पहिली मुलगी. तिनं नाव बदललं नाही, तेच नाव घेऊन मॅटवर उतरते. आत्याला मी तिची कुस्ती मोबाईलवर दाखवली. “आडदांड हाय,” ती खूश होऊन म्हणाली.

आपल्याकडे बारशाला नाव ठेवायचा मान आत्याचा. हे लक्षात घ्या, की आमच्या घरात आम्हा भावंडांची नावं जिनं ठेवली ती नकुशा होती. माझ्या वेळी ती बारा दिवस वही घेऊन गावातल्या मास्तरीणबाईंकडे जात होती, नावं आणि त्यांचे अर्थ लिहून आणायला. ती वही आईनं जपून ठेवलीय. त्यात माझ्या नावाखाली तिनं तीन रेघा ओढल्यात.

गेल्या माघात भावाला मुलगी झाली. आत्या मी. पाळणा झेंडूनं सजवला होता, घुगऱ्या शिजत होत्या. पाळण्याच्या दोन्ही बाजूंना बायका उभ्या राहिल्या आणि बाळ पाळण्याखालून या हातातून त्या हातात जाऊ लागलं, “कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या.” पलीकडे आत्या होती. पंच्याहत्तरीला टेकलेली, हात थरथरतात तिचे, पण बाळ घेताना थरथरले नाहीत. मी वाकून बाळाच्या कानात कुर्र केलं आणि नाव सांगितलं. नाव आम्ही दोघींनी मिळून, त्याच जुन्या वहीतून निवडलं होतं.

आत्यानं काजळाच्या डबीत बोट बुडवलं, बाळाच्या गालावर हनुवटीजवळ मोठी, वेडीवाकडी तीट लावली. बाळानं डोळे उघडून तिच्याकडे पाहिलं.

“मेली कशी बघतीया बघ,” आत्या म्हणाली, आणि तिला खांद्यावर घेऊन उन्हात गेली.